सात मिनिटांचा शेजार

आमचं जहाज गिनीच्या आखातात उभं असायचं.
मासे धरायचे नाहीत, माल उतरवायचा नाही,
फक्त मोठाल्या थाळ्या आकाशाकडे करून
वाट बघायची.
पश्चिमेला स्टेशन उगवायचं, पूर्वेला मावळायचं,
मधे सात मिनिटं.
तेवढाच आमचा शेजार.

मी क्लावदिया, ओदेसाची. हेडफोन माझ्या कानाला.
वर रोदियोन, फ्लाइट इंजिनिअर,
आणि उस्तिन, कमांडर, जो फारसा बोलत नसे.

पहिला महिनाभर आकडेच यायचे:
दाब, तापमान, बॅटरी.
मग एकदा रोदियोन म्हणाला,
"दिवसातून सोळा वेळा उजाडतं इथे, क्लावा,
पण एकदाही झुंजूमुंजू होत नाही."

त्यानंतर हळूहळू घरातलं कळू लागलं.
पंखा बंद पडला तर झोपेत
आपलाच उच्छ्वास तोंडाभोवती साचून राहतो.
कोरड्यानं बुडू शकतो माणूस.
म्हणून पंख्याची घरघर थांबली
की दोघं दचकून जागे व्हायचे.
कालचा घाम, कालचा श्वास गाळून
त्याचाच आजचा चहा.
"उस्तिनचं उष्टं मी पितो, माझं तो.
सख्खे भाऊसुद्धा इतकं..."
वाक्य तिथेच राहिलं,
स्टेशन आफ्रिकेपलीकडे गेलं होतं.

टाचांची कातडी सापाच्या कातीसारखी निघाली म्हणे.
तळवे तान्ह्या बाळाचे झाले,
घट्टे पडले ते पावलांच्या वरच्या बाजूला,
दांड्यात पाय अडकवून अडकवून.
हाडातला चुना रोज थोडा लघवीवाटे जायचा.
तो थोपवायला दोन तास
पट्ट्यांनी स्वतःला बांधून घेऊन पळायचं.
तेवढ्यात पृथ्वीभोवती एक फेरी, वर थोडी,
आणि पळणारा तिथल्या तिथे.

आधीच्या एका स्टेशनातून परतताना
तिघेजण हवेवाचून उतरले होते.
ते आम्ही कधी बोललो नाही.
सात मिनिटांत मावणारं नव्हतं.

पुढे ते दोघं एकोणीस दिवस अबोला धरून होते.
कारण: एक चमचा.
"त्याला सांग, गाळणी बदल," रोदियोन म्हणायचा.
"त्याला सांग, बदलली," उस्तिन.
आणि मी समुद्रावरून सांगायचे
हाताच्या अंतरावरच्या माणसाला.
हसू नका. आमच्या जहाजावरही
सहाव्या महिन्यात स्वयंपाकी आणि डॉक्टर
खिडकी उघडी की बंद, यावरून
वेगवेगळ्या वेळी जेवू लागले होते.
माझी मुलगी तेव्हा चार वर्षांची, आईकडे.
तिच्या पत्रात नुसत्या रेघा असायच्या.
मी त्या वाचायचे.

अबोला मोडला तो कांद्यानं.
प्रयोगासाठी पाठवलेल्यातल्या एकाला कोंब फुटला.
वर कुठे, खाली कुठे, हे न कळून
तो आधी भिंतीकडे गेला, मग दिव्याकडे वळला.
मोजमाप करून पात अहवालात जायची होती.
दोघांनी अर्धी अर्धी खाल्ली.
तिथे रडू खाली ओघळत नाही,
डोळ्यावर पाण्याचा गोळा बसून राहतो,
फडक्यानं टिपावा लागतो.
"कांदा झोंबला," उस्तिन म्हणाला.
निरोपाशिवायचं, त्याचं मला पहिलंच वाक्य.
अहवालात मी लिहिलं: रोप वाळले.

नंतर देश बदलला.
जहाज भंगारात विकलं, थाळ्यांसकट.
स्टेशन दक्षिण पॅसिफिकवर पेटत पडलं.
पण त्याच्या बऱ्याच आधी, परतल्यावर दोन महिन्यांनी,
रोदियोन ओदेसाला आला होता.
बंदराच्या बाकावर बसलो.
खरखरीशिवायचा त्याचा आवाज
मला ओळखताच येईना.
हवेबद्दल बोललो, मुलीबद्दल, बटाट्यांच्या भावाबद्दल.
मग दोघंही एकदम गप्प झालो
आणि पूर्वेकडे बघत राहिलो.
कोणीच मावळलं नाही.

त्यानं वाकून बुटांच्या नाड्या सैल केल्या.
जमीन अजून टोचते, म्हणाला.